‘डीएलएल सापडत नाही’ असं आलं की आधी ती फाइल कुणाची ते बघा

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा. आर्णीकडच्या एका गावात तुमचं सेवा केंद्र आहे. संगणक मंद झाला म्हणून ओळखीतल्या एका पोट्ट्याने त्यातले ‘फालतू प्रोग्रॅम’ काढून दिले. दुसऱ्या दिवशी सकाळी अंगठ्याच्या मशीनचा प्रोग्रॅम उघडेना आणि एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही अशी खिडकी यायला लागली. तुम्ही गुगलवर शोधून कुठल्यातरी साइटवरून ती फाइल उतरवली, सिस्टिम३२ मध्ये टाकली, तर आता ०एक्ससी०००००७बी असा आकडा येतो. शिवाय संगणक सुरू झाला की रनडीएलएल नावाची एक वेगळीच खिडकी येते. तालुक्याच्या दुकानातून उत्तर आलं, ‘फॉरमॅट माराव लागते, ५०० रुपये.’ फॉरमॅट करायचं का, हे तुम्हाला विचारायचं आहे.

करू नका. तुमचं काम दोन छोट्या पॅकेजेसमध्ये होईल आणि ती फुकट आहेत. पण नुसता उपाय सांगून थांबत नाही. हीच खिडकी सहा महिन्यांनी वेगळ्या नावाने येईल, तेव्हा तुमचं तुम्हाला ओळखता आलं पाहिजे. मी वीसेक वर्षं तालुक्याच्या ठिकाणी संगणक दुरुस्तीचं काम करतो, आणि या एका संदेशापायी लोकांचे फोटो, हिशेब, अर्जांच्या स्कॅन केलेल्या प्रती फॉरमॅटमध्ये गेलेल्या बघितल्या आहेत. त्या बहुतेक वेळा परत आणता येत नाहीत, त्याचं फार वाईट वाटतं. फाइलींची नावं पडद्यावर इंग्रजीत दिसतात. मी तोंडाने म्हणतो तशी इथे लिहितो.

आधी डीएलएल म्हणजे काय ते. आपल्याकडे गावागावात लग्नकार्याची सामाईक भांडी असतात. मोठे गंज, कढया, पराती, झारे. पाचशे पानांचा स्वयंपाक होईल एवढी भांडी कुणी घरात ठेवत नाही. ती मंदिरात किंवा समाजभवनात असतात. कार्य निघालं की न्यायची, घासूनपुसून परत ठेवायची. विंडोजमधल्या डीएलएल फाइली अशाच सामाईक. ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ हे त्यांचं पूर्ण नाव. आकडेमोड, अक्षरं जोडणं, फाइल उघडणं, खिडकी रंगवणं ही कामं शेकडो प्रोग्रॅमना लागतात. प्रत्येकाने ती स्वतःत कोंबली तर डिस्क भरून जाईल, आणि एखादी चूक दुरुस्त करायची झाली तर शंभर ठिकाणी करावी लागेल. म्हणून ती एकदाच लिहून एका जागी ठेवलेली असतात आणि प्रोग्रॅम चालू होताना हाक मारतो, ‘अमुक भांडं द्या.’ हाक मारली आणि भांडं जागेवर नसलं, की तुम्हाला दिसली ती खिडकी येते.

भांडं हरवलं की आपण आधी विचारतो, हे कोणत्या संचातलं? तोच प्रश्न इथे विचारायचा. एमएसव्हीसीपी१४० ही फाइल तुमच्या अंगठ्याच्या प्रोग्रॅमची नाही, विंडोजचीही नाही. ती मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ नावाच्या संचातली आहे. ज्या अवजाराने असे प्रोग्रॅम बनवतात, त्या अवजाराबरोबर हा संच येतो आणि प्रोग्रॅम बसवताना तो बहुतेक वेळा आपोआप बसतो. कंट्रोल पॅनेलमध्ये प्रोग्रॅमची यादी उघडली की एकाखाली एक दिसतं: मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस २००५, २००८, २०१०, २०१२, २०१३, मग २०१५ ते २०२२, आणि प्रत्येकाचं एक्स८६ (म्हणजे ३२ बिट) आणि एक्स६४ (म्हणजे ६४ बिट) असं जोडपं. आठ-दहा नोंदी, सारखंच नाव. न माहीत असलेल्या माणसाला वाटतं, एकच गोष्ट दहादा पडली आहे, काढून टाका. तुमच्या त्या पोट्ट्याने नेमकं हेच केलं असणार. त्याला रागावू नका. त्या नोंदी दिसतातच तशा. पण एकदा समजावून सांगा, कारण तो उद्या दुसऱ्याच्या संगणकावरही हेच करेल. या नोंदी काढून संगणक जराही वेगात पळत नाही.

आता उपाय. आधी तुम्ही टाकलेली फाइल काढा. सी ड्राइव्ह, विंडोज, सिस्टिम३२ मध्ये जाऊन एमएसव्हीसीपी१४० वर उजवी क्लिक करा, प्रॉपर्टीजमध्ये तारीख बघा आणि ती तुम्हीच टाकलेली आहे याची खात्री करून मगच काढा. आजूबाजूच्या कशालाही हात लावू नका. हे आधी करायचं कारण असं की खरा संच बसताना तिथे त्याच नावाची, वरच्या आवृत्तीची फाइल आधीच दिसली तर तो आपली फाइल तिच्यावर टाकत नाही, आणि चुकीची तशीच राहते. अंगठ्याच्या प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्येही डोकावून बघा. विंडोज साधारणपणे अशी फाइल सगळ्यात आधी प्रोग्रॅमच्या फोल्डरात शोधते, मग सिस्टिमच्या फोल्डरात. घाईघाईत तुम्ही तिथेही एक प्रत टाकली असेल तर बाकी सगळं बरोबर करूनही तीच उचलली जाईल. हा एक मुद्दा न बघितल्याने मी एकदा अख्खी दुपार घालवली आहे.

मग मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून, दुसरीकडून कुठूनही नाही, व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबलची सध्याची दोन्ही पॅकेजेस उतरवा, एक्स८६ आणि एक्स६४. दोन्ही मिळून मोबाइलच्या हॉटस्पॉटवरही बघता बघता उतरतात. चालवण्याआधी प्रत्येकावर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, त्यात ‘डिजिटल सिग्नेचर्स’ नावाचं पान. तिथे मायक्रोसॉफ्ट कॉर्पोरेशनची सही दिसली पाहिजे. ते पानच नसेल तर ती फाइल काढून टाका. सही दिसली की दोन्ही पॅकेजेस बसवा आणि संगणक बंद करून चालू करा. २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ या चारही वर्षांचे प्रोग्रॅम याच एका जोडीवर चालतात, वेगवेगळे संच शोधत बसायला नको.

तुमचा संगणक ६४ बिटचा असूनही दोन्ही का, हा प्रश्न मला नेहमी येतो. ६४ बिट विंडोजवर ३२ बिटचे जुने प्रोग्रॅमही चालतात, पण दोघांची भांडी वेगळी. ३२ बिटच्या प्रोग्रॅमला ६४ बिटची डीएलएल चालत नाही आणि उलटही नाही. यातली एक अडनिडी गोष्ट पाठच करून ठेवा: ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात, आणि ३२ बिटच्या फाइली सिसवाव६४ नावाच्या फोल्डरात. नावं बरोबर उलटी वाटतात. जुने प्रोग्रॅम ‘सिस्टिम३२’ हे नाव गृहीत धरून लिहिलेले होते, म्हणून ते नाव बदलता आलं नाही. तुम्हाला आलेला ०एक्ससी०००००७बी हा आकडा बहुतेक वेळा हीच सरमिसळ सांगतो. फाइल सापडली, पण जातकुळी जुळली नाही. म्हणजे उतरवलेल्या फाइलने अडचण एक पाऊल पुढे ढकलली, सोडवली नाही.

फाइलच्या नावातला आकडा वाचता आला तर तुम्हाला दुसऱ्या कुणाला विचारायची गरज पडणार नाही. एमएसव्हीसीआर किंवा एमएसव्हीसीपी या अक्षरांनंतर १०० असेल तर २०१० चा संच, ११० असेल तर २०१२ चा, १२० असेल तर २०१३ चा. १४० असेल, किंवा व्हीसीरनटाइम१४० असं नाव असेल, तर २०१५ पासूनचा. १३० कधी दिसणार नाही, मायक्रोसॉफ्टने तो क्रमांक गाळलाच. व्हीसीरनटाइम१४०_१ असं शेपूट असलेलं नाव आलं तर संच आहे पण जुना आहे, नवा वर चढवा. ‘साइड बाय साइड कॉन्फिगरेशन’ चुकीचं आहे असं, फाइलचं नावच न घेणारं वाक्य आलं तर बहुधा २००५ किंवा २००८ चा संच गेलेला असतो. डी३डीएक्स९ ने सुरू होणारं नाव खेळांचं. त्याला डायरेक्टएक्सचा जून २०१० चा संच लागतो, तोही मायक्रोसॉफ्टकडेच मिळतो. आणि नाव यातल्या कशातच बसत नसेल, त्या प्रोग्रॅमच्या कंपनीचंच वाटत असेल, तर अँटिव्हायरसच्या कोठडीत म्हणजे क्वारंटाइनमध्ये बघा. तिथे नसेल तर तोच प्रोग्रॅम मूळ सेटअपवरून परत बसवा.

एकेक डीएलएल वाटणाऱ्या साइट्सबद्दल मी इतका कडक का बोलतो, ते सांगतो. डीएलएल हे फोटो किंवा पीडीएफसारखं कागदपत्र नसतं, तो चालणारा प्रोग्रॅम असतो. जो प्रोग्रॅम तिला हाक मारतो, त्याचे सगळे अधिकार तिला मिळतात. तुमच्या संगणकावर गावातल्या लोकांचे आधार क्रमांक, बँक पासबुकं, जातीचे दाखले, सातबारे उघडतात. म्हातारी माणसं विश्वासाने अंगठा ठेवतात. अशा संगणकात अनोळखी ठिकाणची फाइल, तीही अंगठ्याच्या प्रोग्रॅमच्या पोटात, म्हणजे घराची किल्ली वाटेवरच्या माणसाच्या हातात दिल्यासारखं आहे. तुमची फाइल कदाचित साधीच असेल. तरी ती काढल्यावर अँटिव्हायरसने पूर्ण संगणक एकदा तपासून घ्या, आणि तोवर त्यावर बँकेचं काम करू नका.

आता ती दुसरी खिडकी, रनडीएलएलवाली. हिचं दुखणं अगदी वेगळं आहे आणि लोक इथेच जास्त फसतात. खिडकी म्हणते अमुक मॉड्यूल सापडलं नाही. नाव बघा, बहुधा अर्थ नसलेली अक्षरं असतात आणि वाट ॲपडेटा किंवा टेम्प फोल्डरची असते. पेनड्राइव्हमधून आलेला व्हायरस अँटिव्हायरसने कधीतरी मारलेला असतो. फाइल गेली, पण ‘संगणक सुरू झाला की मला चालव’ ही त्याने लिहून ठेवलेली चिठ्ठी राहिली. विंडोज रोज सकाळी ती चिठ्ठी वाचते आणि फाइल शोधते. इथे फाइल आणायची नाही, चिठ्ठी फाडायची आहे. आणली तर व्हायरसच परत आणाल. टास्क मॅनेजरमधल्या स्टार्टअपच्या पानावर आणि टास्क शेड्यूलरमध्ये ते नाव शोधा. तिथे सापडलं नाही तर मायक्रोसॉफ्टच्याच सिसइंटर्नल्स संचातला ऑटोरन्स नावाचा छोटा प्रोग्रॅम घ्या. ज्या नोंदींच्या फाइली जागेवर नाहीत, त्या तो पिवळ्या रंगात दाखवतो. लगेच पुसू नका, आधी नुसती खूण काढा, एकदा संगणक बंद-चालू करून बघा. सगळं ठीक असेल तर मग पुसा.

जुन्या प्रोग्रॅमची गोष्ट निराळी. तिथे मालकच सापडत नाही. मागे एका हंगामात हिंगणघाटकडच्या एका जिनिंगमधून सकाळी सातला फोन आला. ‘भाऊ, काटा बंद पडला न जी, गाड्या रोडापर्यंत गेल्या.’ दिवाळी नुकतीच झालेली, कापसाची आवक जोरात. गेलो तर फाटकापासून गाड्यांची रांग, शेतकरी कापसाच्या ढिगावर शाल पांघरून बसलेले. आदल्या रात्री लाइन गेली आणि येताना जोरात आली, धर्मकाट्याच्या जुन्या संगणकाचा पॉवर सप्लाय जळाला. मालकाने रात्रीच वर्ध्याहून नवा संगणक आणवला होता, विंडोज १०, ६४ बिट. मुनीमजींनी काट्याच्या प्रोग्रॅमचं फोल्डर पेनड्राइव्हमध्ये घेतलेलं होतं, ते नव्यात टाकलं. उघडलं तर खिडकी: एमएसकॉम३२.ओसीएक्स हा भाग किंवा तो ज्यावर अवलंबून आहे तो भाग नीट नोंदवलेला नाही, फाइल नाही किंवा बिघडलेली आहे.

ओसीएक्स हेही डीएलएलचंच भावंड. फरक एवढाच की ती नुसती जागेवर असून भागत नाही, विंडोजच्या वहीत, म्हणजे रजिस्ट्रीत, तिची नोंद लागते. एमएसकॉम३२ चं काम सिरियल पोर्टमधून, म्हणजे काट्यासारखी यंत्रं जोडायच्या जुन्या पद्धतीच्या खाचेतून, आकडे वाचण्याचं, म्हणजे काट्याच्या इंडिकेटरवरचं वजन संगणकात आणण्याचं. हा प्रोग्रॅम व्हिज्युअल बेसिक ६ मध्ये लिहिलेला. ती भाषा १९९८ सालची, पण गावोगावचे काटे, कृषी केंद्रांची बिलं, पतसंस्थांचे हिशेब अजून तिच्यावर चालतात. तिची मुख्य फाइल विंडोजबरोबर येते, या जोडफाइली येत नाहीत. त्या सेटअपनेच टाकाव्या लागतात. सेटअपची सीडी कुणाकडे नव्हती, लिहून देणाऱ्या माणसाचा नंबर लागत नव्हता. मी पोहोचेपर्यंत एका कामगाराने मोबाइलवरून ती फाइल उतरवून ठेवलेली होती, ‘हे टाका न जी, लवकर.’ रांग बघता त्याची तगमग मला कळत होती. तरी नाही म्हटलं.

जळालेल्या संगणकाची हार्ड डिस्क शाबूत होती. ती काढून यूएसबी केसमध्ये लावली. त्यात विंडोज एक्सपी, ३२ बिट, म्हणून सगळं तिच्या सिस्टिम३२ मध्ये. तिथून एमएसकॉम३२ घेतली आणि नव्या संगणकाच्या सिसवाव६४ मध्ये टाकली, सिस्टिम३२ मध्ये नाही. मग कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ करून उघडला आणि सिसवाव६४ मधल्याच रेगएसव्हीआर३२ ने तिची नोंद केली. नोंद झाल्याची खिडकी आली. प्रोग्रॅम उघडला तर आता दुसरं नाव, एमएसफ्लेक्सजीआरडी.ओसीएक्स. मुनीमजी म्हणाले, ‘आता हे काहून? एक देल्ली त दुसरी मांगते.’ हे असंच होतं. प्रोग्रॅम पहिल्या अडलेल्या ठिकाणीच थांबतो, पुढचं त्याला दिसत नाही. नवं नाव आलं म्हणजे पहिलं काम झालं, घाबरायचं नाही. तीही आणली, नोंदवली. तिसरी एमएसकॉमसीटीएल. मग प्रोग्रॅम उघडला, पण वजनाच्या जागी शून्य. नव्या संगणकाला सिरियल पोर्टच नव्हता. माझ्या पिशवीत यूएसबीवरून सिरियल करणारी वायर असते, ती लावली. डिव्हाइस मॅनेजरमध्ये तिला कॉम५ हा पोर्टचा क्रमांक मिळाला होता आणि प्रोग्रॅम मागत होता कॉम१. दोन्हीकडे क्रमांक सारखा केला. काट्यावर एक कामगार उभा राहिला आणि पडद्यावर ७० आलं. इंडिकेटरवरही ७०. साडेदहाला पहिली गाडी काट्यावर चढली.

तुमच्याकडे असा एखादा जुना प्रोग्रॅम असेल, मराठी टायपिंगचा असो की बिलाचा, तर जुना संगणक भंगारात देताना त्याची हार्ड डिस्क काढून घ्या, वर मार्करने तारीख आणि नाव लिहा आणि कपाटात ठेवा. मालक हरवलेल्या फाइलींचा तोच खरा मालक असतो.

हरवलेली फाइल विंडोजची स्वतःचीच असेल तर रीत बदलते. आपल्याकडे हे जास्त होतं, कारण अपडेट चालू असतानाच लाइन जाते, आणि यूपीएसची बॅटरी दोन वर्षांपासून नुसती नावाला असते. विंडोज स्वतःच्या मूळ फाइलींचा एक साठा जपून ठेवते. आधी तो साठा दुरुस्त करायचा, मग त्यातून बिघडलेल्या फाइली भरायच्या. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. इंग्रजीत डीआयएसएम लिहा, मग प्रत्येक शब्दाआधी एक मोकळी जागा आणि तिरकी रेघ देत ऑनलाइन, क्लीनअप-इमेज, रिस्टोरहेल्थ. हे बासष्ट टक्क्यांच्या आसपास बराच वेळ थांबलेलं दिसतं, बंद करू नका. त्याला इंटरनेट लागतं, आणि नेट फारच कमी असेल तर त्याच आवृत्तीच्या विंडोजच्या आयएसओ फाइलीचा, म्हणजे अख्ख्या सेटअपच्या एका फाइलीचा, पत्ता देऊनही चालवता येतं. ते संपलं की एसएफसी, मोकळी जागा, तिरकी रेघ, स्कॅननाउ. शेवटी ते तीनपैकी एक गोष्ट सांगतं: काही बिघाड नाही, बिघाड होता आणि दुरुस्त केला, किंवा काही फाइली दुरुस्त करता आल्या नाहीत. तिसरं आलं तर संगणक बंद-चालू करून दोन्ही पुन्हा चालवा. लाइन टिकेल अशा वेळी बसा. माझा अनुभव सांगतो, मध्येच वीज गेली तर आधीपेक्षा वाईट अवस्था होते.

दोन्ही आज्ञा सारख्या हरत असतील तर दोन शक्यता माझ्या मनात येतात. पहिली, संगणकात कापाकापी केलेली ‘हलकी’ विंडोज असणं. जुना संगणक पळावा म्हणून बरेच जण इंटरनेटवरची अशी विंडोज टाकून देतात. तिच्यातून अनेक भाग मुळातच काढलेले असतात, साठाही अर्धा असतो, मग दुरुस्ती कशातून होणार? तिथे, आणि फक्त तिथेच, मी स्वतः सगळा डेटा बाहेर काढून मूळ विंडोज टाकायला सांगतो. दुसरी शक्यता हार्ड डिस्क. आज एक डीएलएल गेली, आठवड्याने दुसरी, मध्येच संगणक मिनिटभर थिजतो, असं असेल तर फाइली हरवत नाहीत, त्यांच्याखालची जमीन खचते आहे. क्रिस्टलडिस्कइन्फो हा फुकट प्रोग्रॅम डिस्कची तब्येत दाखवतो. त्यात रीअलोकेटेड किंवा पेंडिंग सेक्टरचे, म्हणजे डिस्कवरच्या बिघडलेल्या जागांचे, आकडे वाढत असतील तर कोणतीही दुरुस्ती चालवण्याआधी डेटा दुसरीकडे घ्या. मरणाऱ्या डिस्कवर तासभर दुरुस्ती चालवणं म्हणजे तिला शेवटचा धक्का. रॅमही कधीकधी असे खेळ करते. धुळीच्या दुकानात तिचे पाय काळे पडतात, खोडरबरने हलके पुसून परत बसवली तरी फरक पडतो.

विंडोज ७ वाल्यांसाठी एक गोष्ट, कारण अजून बऱ्याच शाळांत आणि दुकानांत ती आहे. एपीआय-एमएस-विन-सीआरटी ने सुरू होणारं लांबलचक नाव आलं तर केबी२९९९२२६ हे अपडेट लागतं, आणि त्याआधी सर्व्हिस पॅक १. पण कर्नल३२.डीएलएल मध्ये अमुक ‘प्रोसिजर एंट्री पॉइंट’ सापडला नाही असं आलं तर कर्नल३२ बदलायचा विचारही करू नका. फाइल जागेवर आहे, प्रोग्रॅम तुमच्या विंडोजपेक्षा नवा आहे, एवढाच त्याचा अर्थ. दुसऱ्या विंडोजची कर्नल३२ आणून टाकली तर संगणक सुरूच होणार नाही. अशा वेळी त्या प्रोग्रॅमची जुनी आवृत्ती तरी घ्यावी लागते किंवा नवी विंडोज तरी. विंडोज ७ चा आधार १४ जानेवारी २०२० ला संपला, विंडोज १० चा १४ ऑक्टोबर २०२५ ला, तेव्हा लोकांची कागदपत्रं हाताळणाऱ्या केंद्रात याचा विचार लवकर करावा.

विंडोजऐवजी काही जण लिनक्स ही दुसरी प्रणाली वापरतात, तिच्यावर हीच अडचण .एसओ फाइलींची असते. तिथे एलडीडी ही आज्ञा प्रोग्रॅमला काय काय लागतं आणि त्यातलं काय सापडत नाही याची पूर्ण यादी एकदम देते, त्यामुळे मुनीमजींसारखं एकेक नाव समोर यायची वाट बघावी लागत नाही. पॅकेज मॅनेजरकडून, म्हणजे प्रोग्रॅम आणून बसवणाऱ्या तिथल्या व्यवस्थेकडून, तो संच मागवायचा. नव्या आवृत्तीला जुन्या नावाचा दुवा जोडून वेळ मारून नेऊ नका. लिबएसएसएल या संचाची १.१ आवृत्ती मागणाऱ्या प्रोग्रॅमला ३ देऊन तो चालत नाही.

तर ताई, तुमचा क्रम: टाकलेली फाइल काढणं, अँटिव्हायरस, मायक्रोसॉफ्टची दोन्ही पॅकेजेस, बंद-चालू, मग रनडीएलएलची चिठ्ठी. एवढ्याने अंगठ्याचा प्रोग्रॅम उघडला नाही तर त्याच्या कंपनीच्या साइटवरून त्याचा सेटअप आणि ड्रायव्हर नव्याने बसवा. त्या पोट्ट्याने त्याचाही एखादा भाग काढलेला असू शकतो. तरीही खिडकी आलीच, तर मला तिचा मोबाइलने सरळ, पूर्ण फोटो पाठवा, वरची निळी किंवा पांढरी पट्टीही त्यात येऊ द्या. प्रोग्रॅमचं खरं नाव त्या पट्टीवर असतं आणि लोक नेमकं तेच कापतात. सोबत विंडोज कोणती आणि ३२ की ६४ बिट ते लिहा, सेटिंग्जमध्ये सिस्टिम, अबाउट इथे ते दिसतं. मी संध्याकाळी दुकान बंद केल्यावर बघतो.